ती मोलकरीण नव्हे, स्टेला!

सकाळपासून डोकं तापलंय, म्हणून लिहायला बसलेय. पोस्ट मोठी होणार आहे. सवडीने वाचा, पण वाचा.

आमच्या इथल्या एका फिल्म क्लबात आज हिचकॉकचा 'रिअर विंडो' होता. १९५४ चा. भर पावसात चाळीसेक माणसं आली होती. सिनेमा संपला, चहा झाला आणि ज्यांना बोलायला बोलावलं होतं ते तासभर बोलले. चांगलं बोलले, नाही म्हणत नाही. तो सगळा चौक आणि समोरच्या इमारती स्टुडिओत कशा उभ्या केल्या, पाय प्लास्टरमध्ये घालून बसलेल्या जेम्स स्टुअर्टची नजर कशी फिरते, ग्रेस केलीचे कपडे. कपड्यांवर दहा मिनिटं गेली. आणि स्टेलावर? एक वाक्य. "मग ती मोलकरीण येते, जरा विनोद होतो, ताण हलका होतो."

अहो, मोलकरीण कुठली? नर्स आहे ती. विमा कंपनीने पाठवलेली नर्स. आल्या आल्या ती त्याच्या तोंडात थर्मामीटर खुपसते, लोकांच्या खिडक्यांत डोकावतोस म्हणून चांगली झापते, मग त्याला पालथं घालून पाठीला तेल चोळते. अख्खा सिनेमा डोळ्यांसमोर होऊन गेला आणि बोलणाऱ्या माणसाला ती कोण हेही कळलं नाही! मी हात वर केला होता. वेळ संपली म्हणाले.

स्टेलाचं काम केलंय थेल्मा रिटरने. हे नावसुद्धा आज त्या हॉलमध्ये कुणी घेतलं नाही.

आता माझी गोष्ट सांगते, म्हणजे मला एवढं का लागलं ते कळेल. सात-आठ वर्षांपूर्वी गाडी घसरून माझा उजवा पाय मोडला. सात आठवडे मांडीपर्यंत प्लास्टर. ब्युरोमधून एक मावशी यायच्या, सकाळी आठ ते रात्री आठ. साताऱ्याकडच्या. पडून पडून पाठीला जखमा होऊ नयेत म्हणून रोज तेल लावायच्या, आणि हाताला काम असलं की तोंडही सुरू. एका दुपारी मी लॅपटॉपवर 'रिअर विंडो' लावला, माझ्यासारखाच पाय मोडलेला माणूस आहे म्हणून. मावशी माझ्या उशाशी स्टुलावर बसून वाटाणे सोलत होत्या. इंग्रजीचं अक्षर येत नव्हतं त्यांना. स्टेला बाटलीतलं तेल हातावर ओतते आणि थेट त्याच्या पाठीवर लावते, तसा मावशींचा हात थांबला. "ताई, ही बाई तेल कोमट करत न्हाई बघा. गार लावती."

आणि पडद्यावर पुढच्याच क्षणी स्टुअर्ट तेच म्हणतो! हे तेल कधी गरम करत नाहीस का, म्हणून. त्यावर स्टेला म्हणते, रक्ताभिसरणाला लढायला काहीतरी हवं ना. मी हे मराठीत सांगितलं तर मावशी इतक्या हसल्या की मांडीवरचे वाटाणे सांडले. "आमच्याच धंद्यातली हाय."

हे थेल्मा रिटरचं काम आहे. भाषा येत नसलेल्या, साताऱ्याच्या एका बाईला नुसते हात बघून कळलं की ही खरी आहे. ग्रेस केलीकडे बघून मावशी म्हणाल्या, "पोरगी दिसायला छान हाय." बास.

थेल्मा सिनेमात आली ती पंचेचाळिसाव्या वर्षी. जन्म १९०२ चा, ब्रुकलिनचा. न्यूयॉर्कच्या नाट्यशाळेत शिकली, रंगभूमीवर कामं केली, लग्न झालं, दोन मुलं झाली, रेडिओवर कामं केली. मग १९४७ साली दिग्दर्शक जॉर्ज सीटनने 'मिरॅकल ऑन थर्टी-फोर्थ स्ट्रीट'मध्ये बारीकसं काम दिलं. ख्रिसमसच्या गर्दीत मुलासाठी खेळण्यातला बंब शोधून दमलेली आई. मेसीजच्या दुकानातला सांताक्लॉज तिला सांगतो की आमच्याकडे नाही, अमक्या दुकानात मिळेल. आपल्याच दुकानातून गिऱ्हाईक दुसरीकडे पाठवतो! तेव्हा तिच्या चेहऱ्यावर जे उमटतं ते बघा. थकवा, संशय, मग विश्वास बसत नाही असा आनंद. सगळं मिळून दोन-तीन मिनिटं. श्रेयनामावलीत नाव नाही. १९४९ च्या 'अ लेटर टू थ्री वाइव्ह्ज'मध्येही तिचं नाव नाही.

पंचेचाळीस. आपल्याकडे त्या वयात बाईला लोक सांगतात, आता कसली हौस, मुलांचं बघ.

आणि मग १९५० चा 'ऑल अबाउट ईव्ह'. बेटी डेव्हिस मोठी नटी मार्गो, आणि थेल्मा तिची ड्रेसर बर्डी. ईव्ह नावाची गोड मुलगी येते, आपली करुण कहाणी सांगते, सगळ्यांचे डोळे भरून येतात. बर्डीलाही आधी वाईट वाटतं, पण ती पोरगी काय करतेय हे सगळ्यांच्या आधी तिलाच कळतं. मार्गोला ती सांगते की ही पोरगी तुमचा अभ्यास करतेय, कशा चालता, कशा बोलता, काय खाता. लेखक, दिग्दर्शक, समीक्षक, सगळी हुशार माणसं घरात येऊन-जाऊन असतात, आणि खरं दिसतं ते कपडे आवरणाऱ्या बाईला.

आमच्या मावशींचंच घ्या. आठवडाभरात त्या मला हळूच म्हणाल्या, "ताई, सासूबाईंवर नका रागवू. त्या हट्ट करत न्हाईत, त्यांना उजव्या कानानं ऐकू येत न्हाई." आम्ही दोन वर्षं त्या माउलीला हेकट म्हणत होतो. कान तपासले तर खरंच की. घरात तीन शिकलेली माणसं होती आणि कुणाच्याही हे लक्षात आलं नव्हतं. हे लिहितानाही मला लाज वाटतेय.

तर बर्डी. अर्ध्यावर ती सिनेमातून नाहीशी होते. काही सांगणं नाही, निरोप नाही. मला त्या सिनेमाबद्दल नितांत आदर आहे, त्याला चौदा नामांकनं मिळाली ती योग्यच, पण बर्डीला असं वाऱ्यावर सोडल्याबद्दल मी दिग्दर्शक मँकिविझला आजही माफ केलेलं नाही.

त्या भूमिकेसाठी थेल्माला ऑस्करचं पहिलं नामांकन मिळालं. मग 'द मेटिंग सीझन'साठी. मग 'विथ अ साँग इन माय हार्ट'साठी, ज्यात विमान अपघातात पाय जायबंदी झालेल्या गायिकेची ती नर्स असते. (हो, तिथेही नर्स. तिथेही मोडलेला पाय.) मग 'पिकअप ऑन साउथ स्ट्रीट'साठी. सलग चार वर्षं. पुढे 'पिलो टॉक' आणि 'बर्डमन ऑफ अल्कट्राझ' धरून सहा. सहाय्यक अभिनेत्रीच्या गटात सहा नामांकनं आणि एकही पुरस्कार नाही. जिंकलेल्या वाईट होत्या असं मी म्हणणार नाही. पहिल्या वर्षी 'हार्वी'साठी जोसेफिन हल जिंकली, तीही थोर. पण सहा वेळा, हो, सहा वेळा! आणि १९५५ च्या सोहळ्यात तिकडे हॉलिवुडमध्ये बॉब होप आणि इकडे न्यूयॉर्कमध्ये सूत्रसंचालनाला कोण? थेल्मा रिटर. बक्षीस देत नाही, पण कार्यक्रम तेवढा निभावून ने.

हे आपल्या घराघरांत चालतंच की. लग्नात पंगत कोण सांभाळतं आणि फोटोत कोण असतं, सांगा मला.

'द मेटिंग सीझन' मिळाला तर जरूर बघा. हॅम्बर्गरची टपरी चालवणारी आई, टपरी जाते, मुलगा नुकताच मोठ्या घरच्या मुलीशी लग्न करून बसलाय. ती त्यांच्या दारात जाते आणि सून तिला स्वयंपाकीण समजते. ती खरं सांगत नाही. सुनेच्या घरी स्वयंपाकीण म्हणूनच राहते. सगळी कथा तिच्या खांद्यावर आहे, नायिका तीच आहे. पण नामांकन सहाय्यक म्हणून. कारण नायिका म्हणजे सून झालेल्या जीन टियर्नीसारखी दिसणारी. पंचेचाळीस वर्षांची असो की एकोणपन्नास, असा चेहरा, असा ब्रुकलिनचा हेल असलेली बाई ही कायम 'सोबतीला'.

कुणीतरी म्हणेल की ती सगळीकडे सारखंच करायची, तोंडाळ, दमलेली, मनाची चांगली. बरं, तसल्या भूमिका खूप केल्या, मान्य. पण त्यांना 'पिकअप ऑन साउथ स्ट्रीट' दाखवा. सॅम्युअल फुलरचा, १९५३. त्यात ती मो, रस्त्यावर टाय विकणारी म्हातारी. खरा धंदा पोलिसांना खबर विकायचा. पै-पै साठवते ती कशासाठी? लाँग आयलंडवरच्या चांगल्या दफनभूमीत जागा आणि डोक्याशी दगड हवा म्हणून. बेवारशांच्या खड्ड्यात जायचं नाही, एवढीच तिची इच्छा. पहिल्या अर्ध्या भागात ती हसवते. पैशांसाठी घासाघीस करते, खबरीची किंमत महागाईप्रमाणे वाढवते. आणि मग एका रात्री खोलीवर येते, बूट काढते, रेकॉर्ड लावते आणि अंधारात एक माणूस बसलेला असतो, पिस्तूल घेऊन. ती त्याला ओरडत नाही. आपण किती थकलोय हे सांगते. रोज जिने चढ-उतर, पाठदुखी, डोकेदुखी. आणि म्हणते की तू मला मारलंस तर उपकारच होतील. कॅमेरा हळूच बाजूला सरकतो, रेकॉर्ड संपते, गोळीचा आवाज.

मी हा प्रसंग चार-पाच वेळा बघितलाय. दर वेळी बूट काढताना ती जी वाकते, तिथे मला रात्री आठला चपला घालायला दाराशी वाकणाऱ्या मावशी दिसतात. एक हात भिंतीला, दुसरा कमरेवर. बारा तास दुसऱ्याची पाठ चोळलेली बाई. आणि मी पलंगावरून म्हणायचे, "मावशी, उद्या जरा लवकर याल का?" कधी विचारलं नाही की तुमच्या पाठीला कोण तेल लावतं.

जरा शांत होते. चहा घेऊन आले.

एक गोष्ट स्पष्ट करते, कारण कमेंटमध्ये येणारच. मोलकरीण म्हणणं हा अपमान आहे असं माझं म्हणणं नाही. 'पिलो टॉक'मध्ये तिने कामवालीच रंगवलीय. रोज सकाळी रात्रीची उतरलेली नसताना डोरिस डेच्या घरी येणारी अल्मा. रॉक हडसन तिच्याकडून सल्ला काढायला तिला दारू पाजायला नेतो आणि आडवा तोच होतो! काय डौलात बसलीय ती त्या प्रसंगात. माझा राग शब्दावर नाही. न बघता बोलण्यावर आहे. समोर एक माणूस दोन तास काम करतंय आणि तुम्ही त्याच्याकडे बघितलेलंच नाही, हे मला सहन झालं नाही.

'रिअर विंडो'मध्ये ती काय करते ते आठवा ना. १९२९ ची मंदी आपल्याला आधीच कळली होती असं ती सांगते, कारण जनरल मोटर्सचा एक संचालक तिचा पेशंट होता आणि तो दिवसातून दहा वेळा संडासला धावायचा. डॉक्टर म्हणाले मूत्रपिंड, ही म्हणाली भीती. स्टुअर्ट नाश्ता करत असताना ती मोठ्याने विचार करते की समोरच्या घरातल्या, खुनाचा संशय असलेल्या त्या माणसाने बायकोला कुठे कापलं असेल, आणि उत्तरही तीच देते, बाथटबमध्ये, रक्त धुवायला तीच जागा. त्याच्या घशाखाली घास उतरत नाही. मी हे मावशींना सांगेपर्यंत त्या स्वतःच म्हणाल्या होत्या, "मोरीतच केलं आसंल, दुसरीकडं कुठं धुणार?" आणि शेवटी हातात फावडं घेऊन फुलांचा वाफा खणायला खाली कोण उतरतं? स्टेला. म्हणे ताण हलका करते. सुरुवातीला त्याला झापणारी ती, मग खून झालाय हे मनापासून मानणारीही ती. ती बदलते म्हणून आपलाही विश्वास बसतो. या भूमिकेसाठी तर तिला नामांकनसुद्धा मिळालं नाही.

रंगभूमीने मात्र तिची कदर केली. १९५८ मध्ये 'न्यू गर्ल इन टाउन'साठी टोनी, म्हणजे अमेरिकन रंगभूमीचा मोठा पुरस्कार मिळाला, ग्वेन व्हर्डनबरोबर विभागून, आणि तो मुख्य अभिनेत्रीचा. मुख्य! हे मी आज त्या हॉलमध्ये उभं राहून ओरडून सांगणार होते. १९६९ च्या फेब्रुवारीत ती गेली, सदुसष्टाव्या वाढदिवसाच्या नऊ दिवस आधी.

दुपारी घरी आले, जेवणावर वासना नव्हती. मावशींचा नंबर शोधला. फोनमध्ये अजून 'ब्युरो मावशी' असाच आहे. त्या आता काम करत नाहीत, गावी लेकाकडे असतात. चार वर्षांनी फोन केला. आवाज ओळखला लगेच. मी म्हटलं, मावशी, तो पिक्चर आठवतो का, आपण बघितला होता, पाय मोडलेल्या माणसाचा? नाही आठवला. हिचकॉक, ग्रेस केली, खिडकी, काही नाही. मग म्हटलं, ती गार तेल लावणारी बाई?

"आवं, ती व्हय! हाय का अजून?"

नाही म्हणाले, कधीच गेली. क्षणभर गप्प झाल्या. मग विचारलं, "पाय दुखतोय का पावसाचा? तेल लावत जा रातच्याला. कोमट करून."