टॉमची सिगारेट आणि पुसलेली बाई

'आमच्या वेळची कार्टून किती निरागस होती!' असं कुणी म्हटलं की मला हसू येतं. टॉम आणि जेरी 1940 साली आले ते मुळात बच्चेकंपनीसाठी नव्हतेच. हॉलिवूडच्या एमजीएम स्टुडिओचे ते लघुपट थिएटरात मुख्य सिनेमाआधी लागायचे, बघणाऱ्यांत मोठी माणसंही असायची. म्हणून तर त्यात तवे, डायनामाइट, सिगार, सगळं आहे! पुढे टीव्हीमुळे ते लहान मुलांच्या हाती आले आणि कात्री लागायला सुरुवात झाली.

1975 च्या मालिकेत तर हद्दच झाली. अमेरिकेत पालकांच्या संघटना टीव्हीवरच्या मारामारीविरुद्ध उभ्या राहिल्या होत्या, त्यामुळे टॉम-जेरीचे मूळ निर्माते हॅना आणि बार्बेरा यांनीच त्या दोघांना जिवलग दोस्त करून टाकलं. जेरीच्या गळ्यात बो टाय! मांजर-उंदीर गळ्यात गळे घालून फिरणार असतील तर बघायचं काय? मिळमिळीत प्रकार.

2006 मध्ये ब्रिटनमध्ये एका प्रेक्षकाने टॉमच्या सिगारेटबद्दल ऑफकॉमकडे, म्हणजे तिथल्या प्रसारणावर देखरेख करणाऱ्या संस्थेकडे, तक्रार केली. मग चॅनलवाल्यांनी दीड हजारांहून जास्त जुनी कार्टून तपासायला घेतली. लोकांनी टिंगल केली: तवा चालतो, सिगारेट चालत नाही? मला मात्र तो निर्णय पटतो. तव्याने चपटा झालेला टॉम पुढच्या क्षणी टुणकन उठतो, ते खोटं आहे हे पाच वर्षांच्या पोरालाही कळतं. मांजरीवर छाप पाडायला ऐटीत सिगारेट ओढणं मात्र खरंच वाटतं.

पटत नाही ती दुसरी गोष्ट. टॉमवर खेकसणारी ती मोलकरीण आठवते? बहुतेक वेळा फक्त पाय दिसायचे. कृष्णवर्णीय बाईचं ते ठोकळेबाज, अपमानकारक चित्र होतं, यात वाद नाही. 1960 च्या दशकात अमेरिकन टीव्हीसाठी काही भागांत तिच्या जागी गोरी, आयरिश ढंगात बोलणारी बाई रंगवली गेली. त्यात लिलियन रँडॉल्फ या कृष्णवर्णीय अभिनेत्रीचा आवाजही गेला. वर्णद्वेषावर उपाय म्हणून एका काळ्या कलावतीचंच काम पुसलं!

त्यापेक्षा 2014 मध्ये अ‍ॅमेझॉनने याच कार्टूनांना जोडलेली सूचना बरी: यात त्या काळचे वांशिक पूर्वग्रह आहेत. तेव्हाही 'अतीच करतात' म्हणून ओरड झाली. पण ती पाटी वाचून पोराने काही विचारलं, तर निदान उत्तर तरी देता येतं. पुसलेल्या बाईबद्दल ते विचारणार तरी काय?