थ्रीडीएसवर विकत घेतलेले गेम बुडालेले नाहीत

‘निन्टेंडो थ्रीडीएसचं ई-शॉप बंद पडलं, आता आधी विकत घेतलेले गेमही पुन्हा टाकता येणार नाहीत’ असा मेसेज फिरतोय. थ्रीडीएस म्हणजे निन्टेंडोचं हातात धरून खेळायचं कन्सोल (गेमचं यंत्र) आणि ई-शॉप म्हणजे त्यावरचं गेमचं ऑनलाइन दुकान. मेसेज अर्धाच खरा आहे. २७ मार्च २०२३ ला थांबली ती नवी खरेदी. आधी घेतलेले गेम आणि अपडेट अजूनही उतरवता येतात. ई-शॉप उघडून मेनूतल्या सेटिंग्जमध्ये रीडाउनलोडची यादी बघा. ही सोय कायमची राहील असं निन्टेंडोने म्हटलेलं नाही, तेव्हा टंगळमंगळ नको. एप्रिल २०२४ मध्ये बंद झालं ते ऑनलाइन खेळणं, ती भानगड वेगळी.

गेम उतरत नसतील तर आधी मेमरी कार्ड तपासा. ६४ जीबीचं कार्ड बहुधा एक्सफॅट फॉरमॅटमध्ये (कार्डावर फाइली साठवायची एक पद्धत) येतं आणि थ्रीडीएस ते वाचतच नाही. कम्प्युटरवर कार्ड फॅट३२ या दुसऱ्या फॉरमॅटमध्ये करून घ्या. मित्राच्या कार्डावरचं फोल्डर उचलून आपल्या कार्डात टाकलं तरी गेम दिसणार नाहीत, कारण त्या फाइली त्याच्याच कन्सोलपुरत्या कुलूपबंद असतात.