घरच्यासारखी

आमच्या भावंडांच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर वर्षातून दोन-तीनदा कामवाल्या बायकांवरून जुंपते. निमित्त कुठलंही चालतं. २०२५च्या मार्चमध्ये एका ॲपवाल्या कंपनीने मुंबईत ‘पंधरा मिनिटांत मेड, तासाला ४९ रुपये’ अशी जाहिरात केली, तेव्हा ग्रुप दोन दिवस पेटला होता. (आरडाओरडा झाल्यावर कंपनीने ‘मेड’ काढून ‘हेल्प’ लावलं. दर ४९चाच.) मी एक लांबलचक संतप्त मजकूर लिहिला. पुण्याची वहिनी म्हणाली, बरंच झालं की, आमच्या बाईंचे खाडे मांडून मांडून कालनिर्णय काळं झालंय. नाशिकच्या दादाचं मत, यांना डोक्यावर बसवलंय आपणच. मग मँचेस्टरच्या भावाने नेहमीचं वाक्य टाकलं, ‘इकडे आम्ही आमचा संडासही स्वतः धुतो. डिग्निटी ऑफ लेबर!’ आणि वहिनीने नेहमीचं उत्तर दिलं, ‘बाई परवडत नाही म्हणून धुता. आणि आमच्या मावशी आम्हाला घरच्यासारख्याच आहेत हो.’

मी तेवीस वर्षं पूर्व लंडनमध्ये राहते. भावाचं म्हणणं मला अजिबात पटत नाही. वहिनीचं पहिलं वाक्य पटतं, दुसऱ्याची मला भीती वाटते.

परवडत नाही, हे अगदी खरं आहे. इथल्या लोकांना केर काढण्यात अचानक काही थोरपण दिसलं म्हणून नोकर गेले, असं घडलेलं नाही. पहिल्या महायुद्धाआधी ब्रिटनमध्ये दहा लाखांहून जास्त बायका-मुली घरकामाच्या नोकरीत होत्या. बाईमाणसाला पोट भरायचा सर्वांत मोठा मार्ग तोच. खेड्यातून तेरा-चौदा वर्षांची पोर यायची, माळ्यावरच्या गार खोलीत झोपायची, पहाटे उठून शेगड्यांतली राख काढायची. युद्धात याच पोरी दारूगोळ्याच्या कारखान्यांत गेल्या. तिथे पैसे जास्त होते, आणि भोंगा झाला की सुट्टी. घरकामाला भोंगा नसतो, हे ज्यांनी केलंय त्यांना वेगळं सांगायला नको. युद्ध संपल्यावर त्यांना पुन्हा स्वयंपाकघरात ढकलायला सरकारनेच जोर लावला. घरकामाची जागा नाकारली की बेकारभत्ता बंद. काहीजणी नाइलाजाने परतल्याही. दुसऱ्या महायुद्धानंतर मात्र कारखाने, दुकानं, कचेऱ्या यांनी त्यांना कायमचं ओढून घेतलं, आणि मालकिणी भांडी घासायला शिकल्या. भावाची डिग्निटी ती ही.

आणि या मालकिणी काय बोलत होत्या ते वाचलं की पुण्यातल्याच कुठल्या तरी सोसायटीची सभा चाललीय असं वाटतं. १९११ साली ब्रिटनचा तेव्हाचा अर्थमंत्री लॉइड जॉर्ज याने राष्ट्रीय विम्याचा कायदा आणला. घरच्या मोलकरणीच्या कार्डावर मालकिणीने दर आठवड्याला विम्याचं तिकीट चिकटवायचं, तीन पेन्स मालकिणीचे, तीन मोलकरणीचे. तेवढ्यासाठी लंडनच्या अल्बर्ट हॉलमध्ये बड्या घरच्या बायकांची जंगी सभा भरली. आम्ही तिकिटं चाटणार नाही, असा पण झाला. तक्रार पैशांची होतीच, पण वर मायेचं पांघरूण होतं. मालकीण आणि मोलकरीण यांचं नातं जिव्हाळ्याचं, त्यात सरकारने नाक खुपसायचं कारण काय?

व्हर्जिनिया वुल्फ या इंग्रज लेखिकेचं नाव आपल्याकडे निघतं ते तिच्या ‘स्वतःची खोली’ या पुस्तकामुळे. बाईला लिहायचं असेल तर वर्षाला ५०० पौंड आणि एक खोली हवी, हे तिने १९२९ साली छापलं. तिच्याकडे नेली बॉक्सॉल नावाची स्वयंपाकीण १९१६ ते १९३४, अशी अठरा वर्षं होती. वुल्फच्या रोजनिशीत या नेलीने पानंच्या पानं अडवली आहेत. नेलीचं बिनसलं की ती काम सोडते म्हणायची, दोन दिवसांनी रडून परत राहायची. मालकीण मनाशी ठरवायची, यावेळी हिला जाऊच द्यायचं, आणि ऐनवेळी विरघळायची. माझ्या आईच्या तोंडून ही गोष्ट मी निदान चार बायकांच्या बाबतीत ऐकली आहे, शब्दसुद्धा तेच. १९२९च्याच अखेरीला एका भांडणात नेलीने बाईसाहेबांना सुनावलं, माझ्या खोलीतून चालत्या व्हा. पुस्तक बाजारात येऊन जेमतेम काही आठवडे झाले होते. ‘तुमच्या घरात माझी खोली कुठली’ हा प्रश्न पुस्तकात आला नव्हता, तो असा आला. वुल्फ स्वतःशी प्रामाणिक होती, हे मात्र मानावं लागतं. ही रोजनिशी आपण वाचत असतो तर नेलीच्या चित्रावरच झडप घातली असती, असं तिने तिथेच लिहून ठेवलं आहे. शेवटी १९३४मध्ये तिने नेलीला काढलं. नेलीला लगेच दुसरं काम मिळालं, चार्ल्स लॉटन या नटाकडे.

आता वहिनीचं दुसरं वाक्य.

ब्रिटनमध्ये १९९९ साली किमान वेतन आलं. त्या नियमांत एक चोरवाट होती. जी व्यक्ती मालकाच्याच घरी राहते, आणि जिला राहणं, जेवण, घरातली कामं, फुरसतीचा वेळ या बाबतींत कुटुंबातल्या माणसासारखं वागवलं जातं, तिला किमान वेतन द्यायची गरज नाही. म्हणजे आपलं ‘घरच्यासारखी’ इथे चक्क कायद्यात बसलं होतं. ते लिहिताना शिकायला आलेल्या परदेशी मुलींचा विचार असेल, ज्या पोरांना शाळेतून आणतात आणि संध्याकाळी घरच्यांबरोबर टीव्ही बघतात. पण घरात राबायला आणलेल्या बायकांनाही ते लागू व्हायचं. २०१२मध्ये अशा बायका किमान वेतन मागत अपील न्यायालयापर्यंत गेल्या आणि हरल्या. घरातलं बहुतेक काम त्यांनीच केलं म्हणून त्या घरच्या नव्हत्या असं होत नाही, असा अर्थ निघाला. आपल्याकडच्या कुठल्याही सुनेला हा न्याय आधीपासून पाठ असेल. ही वाट बुजली ती १ एप्रिल २०२४ रोजी. पंचवीस वर्षं लागली.

चोरवाट असो नसो, आपली माणसं इथेही आपली पद्धत घेऊन येतात. मिल्टन कीन्समधल्या एका भारतीय कुटुंबाने बिहारमधून एक आदिवासी बाई कामाला आणली होती. साडेचार वर्षं, आठवड्याचे सातही दिवस, दिवसाला अठरा तास. झोपायला जमिनीवर गादी. तासाचा हिशेब केला तर ११ पेन्स. २०१५मध्ये रोजगार न्यायाधिकरणाने तिला थकलेल्या पगारापोटी १ लाख ८३ हजार पौंडांहून जास्त रक्कम द्यायला लावली. त्या वेळी आमच्या मंडळाच्या गणपतीत या प्रकरणाची कुजबुज होती. बहुतेकांना वाईट वाटलं होतं ते ‘आपली’ बदनामी झाली याचं.

अशीच वाहतूक साहेबाच्या राज्यातही शंभर-दीडशे वर्षं चालू होती. पूर्व लंडनमधल्या हॅक्नीत किंग एडवर्ड्स रोडवर एक साधंसं विटांचं घर आहे, माझ्या बसच्या वाटेवरच. तिथे १९०० पासून आयांचं वसतिगृह होतं. हिंदुस्थानातून परतणारे साहेबलोक बोटीवर पोरं सांभाळायला आया आणायचे. लंडनला उतरल्यावर गरज संपली की काहीजणींना धक्क्यावरच सोडून द्यायचे. वसतिगृहात त्यांनी परतीच्या बोटीवर आया हवी असलेली एखादी मडम मिळेपर्यंत राहायचं. या आया चुलत घराण्यातल्या असल्यासारख्या साहेबांच्या फोटोंत बसलेल्या दिसतात, मांडीवर गोरं बाळ. फोटोखाली बाळाचं नाव असतं आणि पुढे ‘विथ आया’. २०२२मध्ये त्या घराला निळी पाटी लागली, लंडनमध्ये ऐतिहासिक घरांना लावतात ती. आया हा शब्द मुळात पोर्तुगीज. नावाशिवाय हाक मारण्याची सोय आपण बाहेरूनही आणली म्हणायची.

आपल्या घरचं जुनं दप्तर उघडलं तरी फार वेगळं निघत नाही. पेशवाईच्या कागदांत कुणबिणींच्या, म्हणजे विकत घेतलेल्या दासींच्या, खरेदीच्या नोंदी आहेत, किमतीसकट. ‘बटीक’ हा शब्द आजही शिवी म्हणून जिवंत आहे. पण मला राहून राहून जनाबाई आठवते. नामदेवांच्या घरची माणसं वारकरी परंपरा चौदा मोजते, आणि पंधरावी दासी जनी. पंधरावी! घरच्यासारखी. आणि काम कोण करतंय बघा:

झाडलोट करी जनी।
केर भरी चक्रपाणी॥

केराची पाटी डोक्यावर घेऊन दूर टाकायलाही देवच जातो. लहानपणी हे गोड वाटायचं. आता प्रश्न पडतो, चौदा माणसांच्या घरात केर भरायला पंढरीच्या विठोबाला विटेवरून उतरून यावं लागलं? चौदातलं कुणी उठलं नाही? जनीने त्याबद्दल एक अक्षर लिहिलेलं नाही, आणि ते न लिहिणंच फार बोलतं, असं मला आता वाटतं. हे माझं वाचन, वारकऱ्यांनी राग मानू नये.

१९८०मध्ये पुण्यात मोलकरणींनी संप केला होता. मी सात वर्षांची होते. राख आणि नारळाची शेंडी घेऊन आई मोरीवर बसली होती आणि भांड्यांपेक्षा जास्त आवाज तिचा होता, एवढं आठवतं. त्या संपातून जी संघटना उभी राहिली तिने नाव घेतलं मोलकरीण संघटना. आज आमच्या ग्रुपवर कुणी ‘मोलकरीण’ लिहिलं तर वहिनी लगेच दटावते, असं नाही म्हणायचं, मावशी म्हणायचं. पण शब्द नीट बघा. मोलकरीण म्हणजे मोल घेऊन काम करणारी. त्या शब्दात पगार आहे. मावशीत तो नाही. मावशीला आपण कपबशी वेगळी ठेवतो, खिडकीच्या कट्ट्यावर, कान तुटलेली. दिवाळीला एक पगार, एक साडी. आजारी पडली तर हजार-दोन हजार उचल. हे सगळं आपल्या मर्जीवर चालतं, आणि ती मर्जी चांगलीही असते, मी नाकारत नाही. माझ्या आईने एका मावशींच्या मुलीची बारावीपर्यंतची फी भरली. त्याच मावशींना तिने पाच वर्षांत पन्नास रुपयेही वाढवून दिले नव्हते. मागितले तेव्हा तिला खरंच दुःख झालं होतं. ‘इतकं केलं हिच्यासाठी!’

महाराष्ट्रात घरेलू कामगारांच्या कल्याण मंडळाचा कायदा २००८चा आहे. करोनात २०२१मध्ये नोंदणी झालेल्या बायकांना १,५०० रुपये जाहीर झाले. मंडळ कल्याणाचं आहे, तासाचा दर आणि आठवड्याची सुट्टी हे त्याचं काम नाही. घरकामगारांच्या हक्कांचा आंतरराष्ट्रीय करार २०११ला जिनिव्हात मतदानाला आला तेव्हा भारताने बाजूने मत दिलं आणि ब्रिटन तटस्थ राहिलं. हे मी भावाला मुद्दाम कळवलं. पुढे दोघांनीही त्यावर शिक्कामोर्तब केलेलं नाही, हेही कळवलं.

आता माझं.

आई ८१ वर्षांची आहे. बाबा गेल्यापासून तिच्याकडे ब्यूरोची चोवीस तासांची बाई असते. पैसे मी पाठवते, महिन्याला २४,००० रुपये, आणि ब्यूरोचं कमिशन वेगळं. डिसेंबरमध्ये गेले होते तेव्हा पाहिलं, रात्री ती आईच्या पलंगाशेजारी खाली सतरंजी टाकते. सकाळी ती सतरंजी गुंडाळून कपाटामागे उभी करते. दाराच्या खिळ्याला तिची एक पिशवी. त्या घरात तिची अशी जागा एवढीच. रात्री आईला तीनदा उठावं लागतं, म्हणजे तीही तीनदा उठते. मी लेकीचं काम तिच्याकडे सोपवून इथे बसले आहे, आणि ती ते माझ्यापेक्षा चांगलं करते.

४९ रुपयांवरून ग्रुपवर भांडण झालं त्याच रात्री मी फोनवर हिशेब केला. २४,००० भागिले ७२०. तासाला ३३ रुपये. ‘चोवीस तासांची’ हा शब्द मी किती वर्षं सहज उच्चारत होते! मिल्टन कीन्सच्या मालकांनी निदान सहा तास सोडले होते. माझा संतप्त मजकूर तेव्हा ग्रुपवर वरच झळकत होता, त्याला अकरा अंगठे मिळाले होते. मी तो काढला नाही. आकडाही कुणाला सांगितला नाही.

पगार वाढवणं सोपं होतं, पौंडांत ते जाणवतही नाही. आठवड्याची सुट्टी म्हटल्यावर आई बिथरली. ‘अगं, ती घरच्यासारखी आहे. तिला कशाला सुट्टी? आणि जाईल कुठे?’ महिनाभर रोज फोन करून, रविवारसाठी दुसऱ्या बाई ठरवून, शेवटी ती तयार झाली. पहिल्या रविवारी मावशी हडपसरला लेकीकडे गेल्या. आईने त्यांना दिवसभरात चार फोन केले, त्यातला एक हिंगाची डबी कुठे आहे हे विचारायला.

सोमवारी सकाळी मी व्हिडिओ कॉल केला तेव्हा मागे भिंतीवर कालनिर्णय दिसत होतं. रविवारच्या चौकोनात आईने सवयीने फुली मारली होती. मावशींनी फोन हातात घेतला, स्वयंपाकघरात गेल्या, आणि हळू आवाजात मला विचारलं, “ताई, कालचा खाडा धरणार का?”