शेगडीचे फार लाड करू नका

दूध उतू गेलं तर लगेच फडकं घेऊन धावू नका. ते बर्नरच्या भोकांत नीट वाळू द्या. आठवड्याभरात ज्योत म्हाताऱ्याच्या बोळक्यासारखी दिसू लागेल, इथे एक दात, तिथे फट. तरीही साफसफाईची हौस आलीच, तर बर्नर भिजवून ब्रशने घासण्याऐवजी थेट जेटमध्ये सुई खुपसा. पितळेचं ते भोक मिलिमीटरभरही नसतं. जरा रुंदावलं की गॅस जास्त सुटतो, हवा तेवढ्या प्रमाणात येत नाही आणि निळी ज्योत पिवळी होते. पिवळा रंग म्हणजे न जळलेले कार्बनचे कण तापून चमकतात तो. तेच पुढे पातेल्याच्या बुडाला काजळी होऊन बसतात. गॅस पेटवणारा एक आणि भांडी घासणारा दुसरा असेल, तर याचा त्रास अजिबात जाणवत नाही. (बहुतेक घरांत तशी सोय असतेच.) खिडकी मात्र बंद ठेवा. अर्धवट जळणाऱ्या गॅसातून निघणाऱ्या कार्बन मोनॉक्साइड या विषारी वायूला ना रंग ना वास, म्हणजे तक्रारीलाही जागा नाही.

पाणी उकळल्यावरही गॅस मोठाच ठेवा. पाणी काही 100 अंशांच्या वर जाणार नाही, पण ज्योत पातेल्याच्या कडांना चाटताना दिसली की काम जोरात चालल्यासारखं वाटतं.

नळीला भेगा पडल्यात का, हे पाहायला शेगडी ओढावी लागते. कशाला कंबर मोडून घ्यायची? जोडावर साबणाचा फेस लावला की गळती असल्यास बुडबुडे येतात, पण काडी ओढून पाहणाऱ्यांना उत्तर लवकर मिळतं.

मुळात गॅसला वास नसतो. गळती कळावी म्हणून त्यात मुद्दाम मर्कॅप्टन मिसळतात. एवढी मेहनत घेऊन आणलेला वास आला, तर म्हणा, 'कचरा कुजला असेल.' सिलिंडरमधला गॅस हवेपेक्षा जड, तो जमिनीलगत पसरतो आणि हवेत जेमतेम 2 टक्के झाला की पेटायला तयार. रेग्युलेटर बंद करून दारं उघडणं फारच साधं; त्यापेक्षा पंख्याचं बटण दाबा, ठिणगीची सोय आतच असते.

आणि सिलिंडर संपत आला की आडवा करा. उभ्यातून वाफ येते, आडव्यातून थेट द्रव, आणि तो बाहेर पडताच सुमारे 250 पट फुगतो. दूध झटक्यात तापेल. भुवया कोरायला पार्लरचा खर्चही वाचेल.