वाळूतला सार्जंट एवढीच ओळख? जॉक वॉलेसबद्दलच्या काही ऐकीव गोष्टी

स्कॉटिश फुटबॉलचा विषय निघाला की रेंजर्स या ग्लासगोच्या बड्या क्लबचा एकेकाळचा मॅनेजर जॉक वॉलेस याचा निकाल दोन मिनिटांत लागतो. मूळचा गोलकीपर, त्याला डावपेचांतलं कळणार काय? सैन्यात राहून आलेला, पोरांना वाळूत पळवून ओकायला लावायचा, बस्स. ग्लासगोतल्याच प्रतिस्पर्धी सेल्टिकचा मॅनेजर जॉक स्टीन अपघातात सापडला म्हणून रेंजर्सला करंडक मिळाले. वॉलेस दुसऱ्यांदा रेंजर्सला आला तेव्हा पितळ उघडं पडलंच. हे इतक्यांदा सांगितलं गेलंय की आता कुणी तपासायच्या भानगडीत पडत नाही. मी पडतो.

आधी गोलकीपरचं. आपल्याकडेही गल्लीत ज्याला पळता येत नाही त्याला गोलपोस्टमध्ये उभं करतात, त्यामुळे ही समजूत आपल्याला पटकन पटते. वॉलेसच्या घरात मात्र ते काम वडिलोपार्जित होतं. त्याचे वडीलही जॉक वॉलेस, तेही गोलकीपर, ब्लॅकपूल आणि डर्बीकडून खेळलेले. मुलगा एवढा नावाजला नाही. वर्किंग्टन, एअरड्री, वेस्ट ब्रॉमविच, हेरफर्ड अशी क्लबं पालथी घालत तो १९६६ मध्ये बेरिकला पोचला. पद खेळाडू-मॅनेजरचं. म्हणजे संघ निवडायचा त्यानंच आणि गोलही राखायचा त्यानंच. गाव इंग्लंडच्या हद्दीत, क्लब मात्र स्कॉटलंडच्या लीगमध्ये आणि तेही दुसऱ्या डिव्हिजनमध्ये.

२८ जानेवारी १९६७. शीलफील्ड पार्कवर स्कॉटिश कपच्या पहिल्याच फेरीत ग्लासगोचे रेंजर्स आले. मैदानात १३,३६५ माणसं. बत्तिसाव्या मिनिटाला सॅमी रीडनं गोल केला आणि उरलेला सगळा वेळ रेंजर्स बेरिकच्या गोलवर चालून येत राहिले. राखायला कोण? मॅनेजरसाहेब स्वतः, वय ३१. निकाल १-०. स्कॉटिश कपच्या इतिहासात इतका मोठा धक्का शोधायला कष्ट पडतील.

तो ‘नशिबाचा एक दिवस’ म्हणणाऱ्यांनी पुढचं बघावं. चिडलेल्या रेंजर्सनी जिम फॉरेस्ट आणि जॉर्ज मॅक्लीन या आपल्या दोन्ही फॉरवर्ड्सना कायमचं घरी बसवलं. चारच महिन्यांनी, ३१ मे रोजी, न्यूरेंबर्गला कप विनर्स कप या युरोपीय स्पर्धेच्या अंतिम सामन्यात बायर्न म्युनिकसमोर उभं राहायची वेळ आली तेव्हा पुढे खेळायला माणूस नव्हता. रॉजर हिंड या हाफ-बॅकला फॉरवर्ड म्हणून उतरवलं. रेंजर्स जादा वेळेत ०-१ हरले. बेरिकच्या गोलकीपरनं दिलेली जखम युरोपच्या फायनलपर्यंत वाहत राहिली म्हणायची. पुढे त्याच रेंजर्सनी १९७० मध्ये त्याला कोच म्हणून घेतलं आणि नंतर मॅनेजर केलं. वैर्‍याला घरात आणलं, कारण त्याचं पाणी त्यांनीच चाखलेलं होतं.

आता वाळू. ही गोष्ट खोटी नाही आणि मी ती धुवायलाही बसलेलो नाही. एडिनबरोच्या पूर्वेला समुद्रकाठी गलन नावाचं गाव आहे. तिथल्या वाळूच्या टेकड्यांवर वॉलेस संघाला पळवायचा. एक पाऊल वर टाकावं तर अर्धं खाली घसरतं, टाच रुतते, पोटऱ्या पेटतात. सगळ्यात उभ्या टेकडीला खेळाडूंनी नाव ठेवलं होतं ‘मर्डर हिल’. माथ्यावर पोचून ओकणारे होते, हेही खरं. वॉलेसनं मलायाच्या जंगलात सैनिकी केली होती आणि ते सगळं त्याच्या आवाजात उतरलेलं होतं. भीतीनं काम करून घेणारा माणूस म्हणून तो कुणाला आवडला नाही, तर माझी तक्रार नाही.

पण दमसास एवढंच त्याचं भांडवल असतं, तर १९७७ च्या उन्हाळ्यातली खरेदी कशी समजवायची? आदल्या हंगामात एकही करंडक नाही. अशा वेळी निव्वळ सार्जंट काय करेल? दोन दांडगे डिफेंडर आणेल. वॉलेसनं क्लाइडबँकहून डेव्ही कूपर आणला, एक लाख पौंड मोजून. डाव्या पायानं चेंडूशी खेळत बसणारा विंगर, ज्याला पळवण्यापेक्षा त्याच्या पायात चेंडू द्यावा असा. किल्मार्नकहून गॉर्डन स्मिथ आणला. आणि शेटलस्टन ज्युनियर्समधून बॉबी रसेल, मिडफिल्डमधला अंगानं बारीक, नजरेनं तेज पोरगा. (तिकडे ‘ज्युनियर’ म्हणजे लहान मुलांचं फुटबॉल नव्हे. लीगच्या बाहेरची मोठ्या माणसांचीच स्पर्धा असते ती.) तिघेही कारागीर, त्यांत पैलवान एकही नाही. मार्च १९७८ मध्ये लीग कपच्या फायनलला सेल्टिकविरुद्ध २-१. गोल कुणाचे? कूपर आणि स्मिथ. त्या हंगामात लीग, लीग कप आणि स्कॉटिश कप, तिन्ही रेंजर्सचे. १९७५-७६ मध्येही तिन्ही मिळाले होतेच. तीन वर्षांत दोन ट्रेबल नुसत्या पोटऱ्यांच्या जोरावर होत नसतात.

१९७८ मध्ये रेंजर्स सोडून तो इंग्लंडमधल्या लेस्टरचा मॅनेजर झाला, तिथेही तेच. १ जानेवारी १९७९ ला त्यानं अठरा वर्षांच्या गॅरी लिनेकरला, पुढे इंग्लंडचा नामांकित फॉरवर्ड झालेल्या पोराला, पहिल्यांदा मैदानात उतरवलं.

स्टीनच्या अपघाताचा मुद्दा मला सगळ्यात गमतीचा वाटतो, कारण तो कॅलेंडर उघडलं की मिटतो. अपघात जुलै १९७५ चा. पुढचा हंगाम स्टीन बाहेर होता आणि त्या हंगामात रेंजर्सनी ट्रेबल केलं, इथपर्यंत बरोबर. पण सेल्टिकची सलग नऊ विजेतेपदांची माळ तुटली कधी? २९ मार्च १९७५ ला, एडिनबरोच्या हिब्स क्लबच्या ईस्टर रोड मैदानावर, रेंजर्सनी साधलेल्या १-१ बरोबरीत. गोल कॉलिन स्टीनचा. आडनाव सारखं असलं तरी हा रेंजर्सचा. तेव्हा सेल्टिकचे स्टीन ठणठणीत होते आणि रेंजर्स अकरा वर्षांनी लीग जिंकत होते. १९७७-७८ लाही ते सेल्टिकच्या बाकावर होतेच. हां, त्या हंगामाच्या तोंडाशी सेल्टिकनं केनी डाल्ग्लिशला लिव्हरपूलला विकलं आणि संघ ढेपाळला, एवढी सूट मी देतो.

दुसऱ्या डावाबद्दल मात्र फारसा वाद घालता येणार नाही. नोव्हेंबर १९८३ मध्ये रेंजर्सला परतला तेव्हा अॅबर्डीनचा अॅलेक्स फर्ग्युसन आणि डंडी युनायटेडचा जिम मॅक्लीन या मॅनेजरांनी आधीच नकार कळवलेला. म्हणजे वॉलेस पहिली पसंती नव्हताच. लीगमध्ये चौथा, चौथा, पाचवा. मधे दोन लीग कप, त्यातल्या १९८४ च्या मार्चमधल्या फायनलमध्ये अॅली मॅकोइस्टची सेल्टिकविरुद्ध हॅटट्रिक. पण तेवढ्यानं रेंजर्सचं घर, इब्रॉक्स, समाधान मानत नाही. एप्रिल १९८६ मध्ये काढलं आणि ग्रॅम सूनेसला आणलं. अपयश ते अपयशच. फक्त त्यावरून १९७५ चं खातं उलटं लिहू नये. लेस्टरमध्येही त्याचा आलेख असाच विचित्र होता: १९८० ला सेकंड डिव्हिजन जिंकून वर, १९८१ च्या जानेवारीत अॅनफिल्डवर लिव्हरपूलची घरच्या ८५ सामन्यांची अपराजित मालिका मोडली, आणि त्याच हंगामाअखेर पुन्हा खाली.

राहिली १९७८ ची गोष्ट. तिसरा करंडक उचलून तीन आठवडे व्हायच्या आत, २३ मे रोजी, त्यानं रेंजर्सचा राजीनामा दिला. ‘पैशावरून’ असं ठामपणे सांगणारे आजही भेटतात. वॉलेसनं स्वतः कारण कधी जाहीर केलं नाही. तो १९९६ मध्ये गेला, तोंड न उघडता.