चार भोकं जुळली म्हणून चाक जुळत नाही

गाडीवाल्यांच्या व्हॉट्सअॅप ग्रुपांवर एक मजकूर फिरतोय. तुमच्याकडेही आला असेल. त्याचं म्हणणं असं: शोरूमवाले मॅगव्हीलच्या (अलॉय चाकांच्या) नावाखाली लुटतात, म्हणून बाहेरून घ्या आणि फक्त नटांची संख्या बघा. एक-दोन मिलिमीटरचा फरक असला तर तो नट आवळताना निघून जातो. हब रिंग म्हणजे प्लॅस्टिकची बांगडी विकायचा धंदा. चाक जेवढं बाहेर, तेवढी गाडी रस्ता धरते. मोठं अलॉय हलकं असतं, म्हणून मायलेज वाढतं. आणि कायद्यात चाकाबद्दल काहीच नाही.

अलाइनमेंट आणि बॅलन्सिंगच्या कामात माझं निम्मं आयुष्य गेलं. हा मजकूर वाचून चाकं बदलून आलेल्या गाड्या आता आमच्याकडे थरथर घेऊन येतात, म्हणून एकेका मुद्द्याला उत्तर देतो.

पैशांबद्दलचा भाग बराचसा खरा आहे. बाहेर चाकं स्वस्त मिळतात आणि त्यांत चांगलीही असतात. त्याहून चांगली वाट म्हणजे आपल्याच मॉडेलच्या वरच्या व्हेरियंटची उतरवलेली मूळ चाकं. नव्या चाकांच्या हौसेपायी लोक ती हजार-दोन हजार किलोमीटरही न चालवता विकून टाकतात. सगळी मापं कंपनीनेच जुळवलेली, किंमत निम्म्याच्या आत. पुण्यात नाना पेठेत किंवा मुंबईत कुर्ल्याला जाणार असाल तर आधी तीच शोधा.

आता नटांची संख्या. रेनॉ क्विडला तीन नट, बहुतेक छोट्या गाड्यांना चार, मोठ्यांना पाच. पण संख्या ही अर्धीच ओळख. उरलेली अर्धी म्हणजे पीसीडी, सगळ्या नटांच्या मध्यांतून जाणाऱ्या वर्तुळाचा व्यास. स्विफ्ट आणि जॅझ 4×100, म्हणजे चार नट आणि 100 मिलिमीटर. इकोस्पोर्ट 4×108. रांजणगावच्या कारखान्यातून 2009 साली आलेल्या फियाटच्या लिनिया आणि पुंटो 4×98. पाच नटांत पोलो 5×100, ऑक्टाव्हिया 5×112, इनोव्हा क्रिस्टा आणि क्रेटा 5×114.3. हा 114.3 म्हणजे साडेचार इंच.

इकोस्पोर्टचं चाक स्विफ्टला लागतच नाही, त्यामुळे तिथे कुणाचं नुकसान होत नाही. घात होतो तो जवळच्या आकड्यांत: 98 आणि 100, 112 आणि 114.3. डोळ्याला फरक कळत नाही आणि जोर लावला की चाक बसल्यासारखं वाटतं.

"फरक नट आवळताना निघून जातो" हे वाक्य मला सगळ्यात जास्त खटकतं. फरक कुठेही जात नाही. तो बोल्टात शिरतो. 12 मिलिमीटरचा बोल्ट 100 न्यूटन-मीटरने आवळला की तो किंचित ताणला जातो आणि चाकाला हबवर (गाडीच्या ज्या फिरत्या भागावर चाक बसतं त्यावर) ढोबळमानाने चार टनांच्या जोराने दाबून धरतो. गाडी चालते ती या दाबामुळे होणाऱ्या घर्षणावर. हा दाब टिकायचा तर बोल्टाचा (नटांच्या गाडीत नटाचा) निमुळता भाग चाकातल्या खोबणीत गोलाकार, सगळीकडून टेकायला हवा. पीसीडी दोन मिलिमीटरने चुकली की प्रत्येक बोल्ट एक मिलिमीटर बाजूला ओढला जातो आणि एकाच कडेवर टेकतो. पाना "टक्" म्हणतो, पण दाब अर्धवटच मिळालेला असतो. वर बोल्ट वाकलेला. 15 इंची चाकाचा टायरसकट व्यास साधारण 62 सेंटिमीटर धरला तर एका किलोमीटरला पाचशेच्या वर फेरे होतात. पुण्याहून मुंबई गाठेपर्यंत पाऊण लाख. प्रत्येक फेऱ्यात तो वाकडा बोल्ट थोडा इकडे, थोडा तिकडे. तार वाकवून वाकवून तोडतो, तसंच हे.

माझ्या मावसभावाच्या पुंटोला एका दुकानाने 4×100 ची चाकं चढवून दिली होती. "सगळे हेच लावतात" असं सांगून. खंबाटकी घाट उतरल्यावर मागून खट्-खट् सुरू झालं. त्याने गाडी ढाब्यावर घेतली म्हणून आज तो आमच्यात आहे. मी पोचलो तेव्हा मागच्या डाव्या चाकाचे दोन बोल्ट हाताने फिरत होते. काढून पाहिले तर निमुळत्या भागावर एकाच बाजूला अर्धचंद्रासारखी चकाकी होती. दुसरी बाजू कोरी, चाकाला कधी टेकलीच नव्हती. गाडी टोचन करून आणली. बोल्टावरची ती चकाकी मी विसरलेलो नाही आणि हे लिहायला बसण्याचं कारणही तेच.

माप घरी घेता येतं. चार भोकांत समोरासमोरच्या दोन भोकांच्या मध्यांतलं अंतर हीच पीसीडी. पाच भोकांत समोर भोक नसतं, म्हणून शेजारच्या दोन भोकांच्या मध्यांतलं अंतर मोजून 1.7 ने गुणा. 5×112 ला ते अंतर 65.8 मिलिमीटर येतं, 5×114.3 ला 67.2. फरक दीड मिलिमीटरही नाही, म्हणून हे टेपने मोजायचं काम नाही. व्हर्नियर कॅलिपर घ्या.

हब रिंगेला "बांगडी" म्हणणाऱ्यांना तिचं काम कुणी दाखवलेलं नसतं. हबच्या मधोमध एक गोल उंचवटा असतो आणि चाकाच्या मधलं भोक त्यावर बसतं. स्विफ्टचा उंचवटा 54.1 मिलिमीटरचा, पुंटोचा 58.1, क्रेटाचा 67.1. कंपनीचं चाक त्यावर घट्ट बसतं आणि आपोआप केंद्रात येतं. बाहेरची चाकं मात्र अनेक गाड्यांना चालावीत म्हणून त्यांचं मधलं भोक मोठं, बऱ्याचदा 73.1 ठेवलेलं असतं. स्विफ्टला लावलं की चहूबाजूंनी साडेनऊ मिलिमीटर पोकळी राहते. रिंग ती भरते, जेणेकरून नट आवळताना चाक मध्यावर राहावं.

पीसीडी बरोबर असेल, नट निमुळते असतील, चाक हवेत उचललेलं असताना कुणी एकाआड एक करत थोडे थोडे आवळले, तर रिंगेशिवायही चाक केंद्रात येऊ शकतं, हे मान्य. पण आपल्याकडे चाक जमिनीला टेकवून हवेच्या गनने पहिला नट धडाधड आवळतात. तिथे गाडीच्या वजनाने चाक मध्यापासून सरकलेलंच राहतं.

आणि मग गिऱ्हाईक चक्रावतं. स्टिअरिंग 80 ते 100 च्या वेगात थरथरतं, पण बॅलन्सिंगवाला म्हणतो चाकं उत्तम आहेत. दोघेही खरं बोलत असतात. बॅलन्सिंगच्या मशीनवर चाक मधल्या भोकात शंकू घालून धरतात, म्हणजे मशीनवर ते केंद्रातच फिरतं. गाडीवर नाही. माणूस मग पुन्हा पुन्हा शिसं चिकटवत राहतो, टायर बदलतो, शॉकअपवर संशय घेतो. ही खरी अडचण असलेल्या गाड्यांना मी बरोबर मापाच्या चार रिंगा घालून दिल्या आहेत आणि थरथर तिथल्या तिथे थांबलेली पाहिली आहे. उलट प्रकार मात्र करू नका: चाकाचं भोक हबपेक्षा लहान निघालं म्हणून लेथवर वाढवून घेण्याआधी तिथे किती धातू उरणार, ते बघा. मी असं चाक विकतच घेणार नाही.

नटांचं अजून एक. बाहेरच्या चाकांची खोबण बहुतेक 60 अंशांची शंकूसारखी. होंडाच्या मूळ चाकांची गोलाकार, म्हणून त्यांचे नटही गोल तळाचे. जॅझचे मूळ नट बाहेरच्या चाकाला लावले तर धातू धातूला एका रेघेवर टेकतो आणि दाब टिकत नाही. आटेही बघा: सुझुकीच्या गाड्यांना 12 मिलिमीटर जाडीला 1.25 मिलिमीटर अंतराचे, होंडा, ह्युंदाई, टोयोटाला 1.5 चे. चुकीचा नट दोन फेरे आत जातो आणि मग अडकतो. तिथे गन लावली की स्टड (हबमधून बाहेर आलेला आट्यांचा दांडा) कामातून गेला. पहिले फेरे हातानेच द्या. 1.25 आट्याचा नट निदान साडेनऊ फेरे, 1.5 चा आठ फेरे आत गेला पाहिजे. स्टेपनी लोखंडी चाकाची असेल तर जुने नट डिकीत ठेवा, पंक्चर रात्रीच होतं.

"चाक बाहेर आलं की गाडी रस्ता धरते." इथे ऑफसेट समजून घ्यायला हवा. चाकाच्या रुंदीच्या मध्यापासून हबला टेकणारी पाठ किती बाहेरच्या अंगाला आहे, ते अंतर म्हणजे ऑफसेट. चाकाच्या पाठीवर किंवा आरीवर ईटी 45 असं कोरलेलं असतं. हे ईटी जर्मन शब्दाचं लघुरूप. आकडा कमी झाला की चाक बाहेर सरकतं. समजा मूळ चाक 5.5 इंच रुंद, ईटी 45 आणि नवं 7 इंच रुंद, ईटी 35. रुंदी दीड इंचाने वाढली, तिच्यातलं निम्मं, म्हणजे 19 मिलिमीटर, बाहेरच्या बाजूला येतं. ऑफसेटचे 10 मिलिमीटर त्यात मिळवा. बाहेरची कड 29 मिलिमीटर पुढे आली. आतलीही कड 9 मिलिमीटर आत, शॉकअपकडे सरकली.

रिकाम्या गाडीला दुकानासमोर हे छान दिसतं. पण गणपतीला कोकणात जाताना पाच माणसं, मखर, नारळांची पोती आणि घाटातली वळणं असली की मागचा सस्पेन्शन दबतो आणि टायर मडगार्डच्या कडेवर घासू लागतो. पुढे त्रास वेगळा. कंपनीने स्टिअरिंगची भूमिती ठराविक ऑफसेट धरून आखलेली असते. चाक बाहेर गेलं की प्रत्येक खड्ड्याचा धक्का लांब हाताने बेअरिंगला बसतो, स्टिअरिंग ओढलं जातं आणि एक चाक खडीवर, दुसरं डांबरावर असताना ब्रेक मारला तर गाडी एका बाजूला खेचते. तीच गोष्ट स्पेसरची, म्हणजे चाक बाहेर ढकलायला हब आणि चाक यांच्यात घालतात त्या चकतीची. म्हणून चाकं लावून बघायची तर डिकी भरून, मागे माणसं बसवून, स्टिअरिंग दोन्हीकडे पूर्ण फिरवून बघा. ब्रेकचा कॅलिपर आणि आऱ्या यांच्यात फट आहे ना, तेही चाक हाताने फिरवून बघा.

मायलेजचं म्हणणं तर हिशोबात बसत नाही. अलॉय लोखंडापेक्षा हलकं असतं हे त्याच मापाला खरं. 14 ऐवजी 16-17 इंची, रुंद, स्वस्त ओतीव चाक घेतलं की वजन वाढूही शकतं आणि ते वजन परिघाकडे सरकतं. वर रुंद टायर. वजनकाट्यावर दोन्ही चाकं टायरसकट ठेवून बघा. आणि टायरचा एकूण व्यास मूळ आकाराच्या जवळ ठेवा. आकड्यांत आधी रुंदी मिलिमीटरमध्ये, मग भिंतीची उंची रुंदीच्या टक्क्यांत, शेवटी रिमचे इंच. स्विफ्टचे 165/80 आर14 आणि 185/65 आर15 हे दोन्ही 620-621 मिलिमीटरच्या घरात येतात. पण 15 इंची चाकाला 205/65 घातला तर व्यास 647 च्या पुढे जातो, स्पीडोमीटरचा काटा 100 दाखवेल तेव्हा गाडी 104 ने पळत असते.

खड्ड्यांचाही विचार करा. 185/65 टायरची भिंत 120 मिलिमीटर उंच असते, 205/45 ची 92. जुलैमध्ये पाण्याखाली न दिसणाऱ्या खड्ड्यात कमी झालेले ते 28 मिलिमीटरच रिमला वाचवणारे असतात.

कायद्यात काही नाही, हे खोटं. मोटार वाहन कायदा 1988 चं कलम 52 कंपनीने ठरवलेल्या मूळ तपशिलाशी विसंगत बदल करायला मनाई करतं. सर्वोच्च न्यायालयाने जानेवारी 2019 मध्ये हेच स्पष्ट केलं. 2019 च्या दुरुस्तीने आलेल्या कलम 182ए मध्ये नियमबाह्य बदलामागे पाच हजार रुपये दंड, सहा महिन्यांपर्यंत कैद, किंवा दोन्ही आहे. कंपनीच्याच वरच्या व्हेरियंटचा आकार घेतला तर हा प्रश्न कमी येतो. वेगळी चाकं लावली असतील तर विमा कंपनीला लेखी कळवा. अपघातानंतर सर्व्हेयर आधी चाकांचे फोटो काढतो.

चाक विकत घेताना पाठ बघा. आयएसआय खूण, भार सोसण्याचा आकडा, रुंदी, ऑफसेट कोरलेले हवेत. भाराचा आकडा गाडीच्या एका अॅक्सलवरच्या कमाल वजनाच्या निम्म्यापेक्षा कमी असेल, किंवा आकडाच नसेल, तर चाक तिथेच ठेवा. टायरचा आकार आणि हवा चालकाच्या दाराच्या चौकटीवरच्या स्टिकरवर लिहिलेली असते, बाकीचं मॅन्युअलमध्ये.

ज्यांनी तो मजकूर वाचून चाकं आधीच चढवली आहेत त्यांनी घाबरू नका, पण पुढच्या लांबच्या प्रवासाआधी एक चाक उतरवा. नटाच्या किंवा बोल्टाच्या टेकणाऱ्या भागावर घासल्याची खूण पूर्ण गोल आहे की एकाच बाजूला, ते बघा. एकाच बाजूला असेल तर ती चाकं आणि ते बोल्ट दोन्ही पुन्हा लावू नका. गोल असेल तर टॉर्कच्या पान्याने मॅन्युअलमधल्या आकड्याला आवळा आणि 80-100 किलोमीटर चालल्यावर पुन्हा एकदा तोच पाना लावा. आमच्याकडे या दुसऱ्या आवळण्याचे पैसे घेत नाहीत. तुमच्या नेहमीच्या टायरवाल्यालाही सांगून बघा.