रोवणारा पुढं चालत नाही!

यंदाच्या मंडईत, म्हणजे दिवाळीनंतरच्या जत्रेत, आमच्या गावी नाटक होतं. झाडीपट्टीतलं, म्हणजे पूर्व विदर्भातल्या धानाच्या पट्ट्यातलं, नाटक म्हटलं की रात्री दहा-साडेदहाला पडदा उघडणार आणि सुटेस्तोवर फटफटणार. शेतकऱ्याच्या भूमिकेत मुंबईहून बोलावलेला, मालिकांमधला नट होता. फाटकी बंडी, खांद्यावर दुपट्टा, बोलीसुद्धा घोटून आणलेली. मग रोवणीचा प्रसंग आला. पठ्ठ्या हातात पऱ्ह्यांची, म्हणजे धानाच्या रोपांची, पेंढी घेऊन वाकला आणि रोवत रोवत पुढं निघाला! धान रोवणारा माणूस मागं मागं सरकतो. माझ्यामागं चादर गुंडाळून बसलेली काकू ओरडली, "अवं माय, हा तं रोवलेलं तुडवत चालला!" अर्धा मंडप हसला. पुढं तो कर्जापायी रडला, तेव्हाही लोक हसतच होते. मला वाईट वाटलं, मेहनत त्यानंच जास्त केली होती.

त्याच नाटकात आमच्या भागातला विनोदी नट वाक्य विसरला. प्रॉम्प्टरकडं वळून म्हणाला, "जरा जोरानं सांग ना गा!" टाळ्या!

लोकांना साधेपणा भावतो, असं म्हणतात. मला नाही पटत. त्या विनोदी नटाच्या गालावर बोटभर रंग होता, साधं काहीच नव्हतं. नाटक खोटं असतं हे प्रेक्षकाला पक्कं ठाऊक असतं. तो एवढंच तपासतो, की आपल्याला जे माहीत आहे ते याला माहीत आहे का? एकदा खात्री पटली, की मग राजा हो, दारुड्या हो, सगळं चालतं. गडचिरोलीकडच्या कुरखेडा तालुक्यातल्या गुरनोलीचे झाडीपट्टी नट परशुराम खुणे यांना 2023 मध्ये पद्मश्री मिळाली. शेकडो भूमिका केल्या त्यांनी. प्रत्येक वेळी ते काही स्वतःच नव्हते ना!

गाडगेबाबाही आधी खराट्यानं गाव झाडायचे, कीर्तन संध्याकाळी. झाडणाऱ्याचा हात लोकांनी दिवसभर पाहिलेला असायचा. मग तो माणूस वऱ्हाडीत उलटे प्रश्न विचारून चारचौघांत लाज काढायचा, तरी कोणी उठून जात नसे.

आता रीलवाले दर वाक्याला आमच्या बोलीतलं 'बाप्पा' लावतात आणि म्हणतात, आम्ही अस्सल. बंडीसारखीच बोलीही भाड्यानं मिळते म्हणायची.

पहाटे टपरीवर तो विनोदी नट चहा पीत होता, अर्धा रंग तसाच. काकूनं विचारलं, "मळणी झाली का गा?"

"कुठची? धान बांधीतच पडून हाये. आज रातच्याला पुन्हा नाटक."